हौशी गुप्तहेर वेगळा, गोंधळी गुप्तहेर वेगळा

गावाबाहेरची हवेली, तिथली चोरी आणि तपासाला सरसावलेला कुणी हौशी माणूस. अशा इंग्रजी रहस्यकथा वाचून हौशी म्हणजे गोंधळ घालणाराच, असं आपण धरून चालतो. मला हे पटत नाही. विल्की कॉलिन्सची 'द मूनस्टोन' (१८६८) ही या प्रकारातली अगदी सुरुवातीची कादंबरी, आणि तिच्यात हे दोघे स्वच्छ वेगळे दिसतात. (पुढे रहस्य फुटणार आहे, वाचायची असेल तर आधी कादंबरी वाचा.)

१७९९ मध्ये श्रीरंगपट्टणच्या लुटीत हाती लागलेला हिरा यॉर्कशरमधल्या व्हेरिंडरांच्या हवेलीतून रातोरात नाहीसा होतो. तपासाला सुपरिंटेंडेंट सीग्रेव्ह येतो. धिप्पाड देह, लष्करी थाट. सगळा गोंधळ घालतो तो हाच, आणि तो पगारी पोलीस आहे! हिऱ्याची मालकीण म्हणजे व्हेरिंडरांची मुलगी रेचेल. तिच्या खोलीच्या नव्याने रंगवलेल्या दारावर एके ठिकाणी रंग फिसकटलेला असतो. वर गर्दी केलेल्या नोकराण्यांच्या घागऱ्यांनी तो फिसकटला, असं म्हणून हा मोकळा होतो.

लंडनहून आलेला सार्जंट कफ नेमका त्या डागापाशी थांबतो. रंग वाळायला किती वेळ लागतो? हे सांगतो फ्रँकलिन ब्लेक, घरचा पाहुणा आणि हौशी तपासनीस, कारण रेचेलबरोबर ते दार त्यानेच रंगवलेलं असतं. बारा तास. काम बुधवारी दुपारी तीनला संपलं, म्हणजे पहाटे तीनला दार वाळलं. नोकराण्या वर आल्या गुरुवारी सकाळी अकराला. आठ तासांपूर्वी वाळलेला रंग घागऱ्याने कसा फिसकटेल? मध्यरात्री दार धड होतं, हे एका मोलकरणीने पाहिलेलं. मग बारा ते तीनच्या दरम्यान त्या दाराला कुणाचं तरी कापड लागलं, आणि ते कापड शोधायला हवं.

सीग्रेव्हला समोरचं दिसत नाही, हा त्याचा दोष. ब्लेकची अडचण निराळी आहे. तो घरातलाच, त्यामुळे स्वतःवर संशय घ्यायचं त्याच्या मनातही येत नाही. रंगाचा डाग पडलेला, रात्री झोपताना घालायचा झगा शेवटी किनाऱ्यावरच्या रुतणाऱ्या वाळूत दडवलेल्या पेटीत सापडतो, आणि त्यावर नाव ब्लेकचंच! नकळत पोटात गेलेल्या अफूच्या अर्काच्या गुंगीत हिरा त्यानेच उचललेला असतो. पण पुरावा आपल्यावरच उलटला तरी तो मागे हटत नाही. वर्षभराने तोच अर्क पुन्हा घेऊन, साक्षीदारांसमोर, ती रात्र पुन्हा घडवायला तयार होतो. मला तरी हा खरा तपास वाटतो.

कफ एवढा तल्लख, पण तोही चुकतो. कर्ज फेडायला रेचेलनेच आपला हिरा लपवला, असं त्याला वाटतं. तिची आई मात्र ठामपणे सांगत असते, माझी मुलगी असं करणार नाही. या म्हणण्याला पुरावा नव्हता. पण खरं ठरलं तेच.