हेल्मेट शाबूत, आतला खरवस तडकलेला

अमेरिकेत ज्याला फुटबॉल म्हणतात, त्यात पायाचं काम अगदीच थोडं. लंबगोल चेंडू बगलेत मारून पळायचं आणि समोरच्यांनी अंगावर झेपावून पाडायचं, असा सगळा मामला. या खेळात ‘सेंटर’ नावाची एक जागा असते. हा गडी ओणवा होतो, दोन पायांमधून चेंडू मागे क्वार्टरबॅकच्या, म्हणजे चाल रचणाऱ्या गड्याच्या हातात देतो आणि त्याच क्षणी समोरच्या धिप्पाड गड्याला भिडतो. प्रेक्षकांची नजर एव्हाना चेंडूमागे गेलेली असते. सेंटरकडे कोण बघतंय?

माइक वेबस्टर हे काम १७ हंगाम करत होता. १९५२चा जन्म, विस्कॉन्सिनमधल्या बटाट्याच्या शेतावर वाढलेला. १९७४मध्ये पिट्सबर्ग स्टीलर्सने त्याला घेतलं, तेही निवडीच्या पाचव्या फेरीत. पुढे त्याच संघाबरोबर त्याने ४ सुपर बोल, म्हणजे हंगामाचे अंतिम सामने, जिंकले. कडाक्याच्या थंडीतही तो उघड्या दंडांनी मैदानात उतरायचा. लोक त्याला ‘आयर्न माइक’ म्हणत. शेवटचे दोन हंगाम कॅन्सस सिटीकडून खेळून तो थांबला, तेव्हा त्याच्या नावावर २४५ सामने होते. एका सामन्यात एका संघाच्या साठेक चाली होतात. काही सामन्यांत तो बाकावर बसला असेल, हे धरूनही भिडण्याचा आकडा १०,०००च्या पलीकडे सहज जातो. सराव यात धरलेलाच नाही.

निवृत्तीनंतर हा माणूस ओळखू येईनासा झाला. बोलता बोलता विषय हरवायचा, विसरायचा, भडकायचा. पैसा गेला, संसार मोडला, कित्येक रात्री त्याने आपल्या पिकअप गाडीत काढल्या. झोप लागावी म्हणून तो स्वतःला विजेचा झटका देणारं यंत्र लावून घ्यायचा. १९९७मध्ये त्याला ‘हॉल ऑफ फेम’चा मान मिळाला आणि २००२च्या सप्टेंबरमध्ये, वयाच्या पन्नाशीत, हृदयविकाराने तो गेला.

शवविच्छेदन पिट्सबर्गमध्येच झालं. ते करणारे डॉ. बेनेट ओमालू मूळचे नायजेरियाचे. त्यांना हा खेळ कळतही नव्हता. माझ्या मते या गोष्टीतला मोठा योगायोग हाच. वेबस्टर कोण हे सगळं गाव जाणत होतं, पण त्याच्या मेंदूकडे कोऱ्या नजरेने बघणारा बाहेरूनच यावा लागला. मेंदू वरवर ठीकठाक दिसत होता. इतर कुणी तिथेच थांबलं असतं. ओमालूंनी तो जपून ठेवला, त्याचे पातळ काप रंगवून घेतले, आणि सूक्ष्मदर्शकाखाली ‘टाऊ’ नावाच्या प्रथिनाचे तपकिरी गुंते दिसले.

हे गुंते समजून घ्यायला आधी खरवस डोळ्यांसमोर आणा. मेंदू साधारण तेवढाच मऊ, वजनाने १,३००–१,४०० ग्रॅम, आणि कवटीच्या डब्यात पाण्यासारख्या द्रवावर तरंगणारा. डबा आपटला तर डब्याला पोचा पडतो, पण डब्याला एकदम हिसका देऊन गरकन फिरवलं तर डबा जसाच्या तसा राहून आतला खरवस तडकतो. हेल्मेट कवटी फुटू देत नाही, आणि ते काम ते चोख करतं. आतल्या मेंदूचं पिळवटणं मात्र त्याला थांबवता येत नाही. उलट डोकं सुरक्षित आहे या भरवशावर गडी तेच पुढे घालतो.

चेतापेशींचे लांब धागे अशा पिळवटण्याने ताणले जातात. प्रत्येक धाग्याच्या आत अतिसूक्ष्म नळ्यांचा एक मांडव असतो आणि टाऊ ही त्या मांडवाची सुतळी. ताण बसला की सुतळी सुटते, आणि सुटलेल्या सुतळीचाच पुढे गुंता होतो. आधी मेंदूच्या घड्यांच्या तळाशी, बारीक रक्तवाहिन्यांभोवती. मग वर्षागणिक तो पसरत जातो. अल्झायमरमध्येही टाऊचे गुंते असतात, पण त्यांची मांडणी वेगळी. डोक्याला वारंवार बसलेल्या धक्क्यांनी मेंदू असा झिजत नेणाऱ्या या आजाराचं नाव सीटीई.

आजार तसा नवा नव्हता. ठोसे खाऊन भ्रमिष्ट झालेल्या मुष्टियोद्ध्यांचं वर्णन हॅरिसन मार्टलँड यांनी १९२८मध्येच केलं होतं. फुटबॉलपटूच्या मेंदूत तो सापडला ही बातमी होती. ओमालूंचा शोधनिबंध २००५मध्ये ‘न्यूरोसर्जरी’त आला आणि एनएफएल या व्यावसायिक लीगच्या मेंदूच्या दुखापतींविषयीच्या समितीतल्या डॉक्टरांनी तो मागे घ्यावा अशी मागणी केली. या समितीचे अनेक वर्षांचे अध्यक्ष संधिवाताचे डॉक्टर होते, हे जाता जाता सांगायलाच हवं. निबंध मागे घेतला गेला नाही. गंमत अशी, की लीगच्याच निवृत्तिवेतन मंडळाने वेबस्टरचं अपंगत्व डोक्याच्या दुखापतींमुळे आल्याचं १९९९मध्ये मान्य केलेलं होतं.

२०१७मध्ये बॉस्टन विद्यापीठाच्या ॲन मॅकी यांच्या गटाने एनएफएलमधल्या १११ दिवंगत खेळाडूंचे मेंदू तपासले. ११० मेंदूंत सीटीई आढळला. हा आकडा वाचून ‘म्हणजे ९९ टक्के खेळाडूंना’ असं म्हणायचा मोह होतो. तो आवरायला हवा. मेंदू दान करणारी कुटुंबं बहुधा तीच, ज्यांनी घरात काहीतरी बिघडलेलं पाहिलं होतं. सगळ्या खेळाडूंमधलं प्रमाण यावरून निघत नाही. शिवाय जिवंतपणी खात्रीने निदान करणारी तपासणी अजून हाती नाही. उत्तर मिळतं ते मेल्यावर.

त्याच विद्यापीठातल्या संशोधकांचाही सहभाग असलेला २०२३चा अभ्यास मला जास्त बोलका वाटतो. त्यात ६३१ फुटबॉलपटूंच्या मेंदूंचा ताळा हेल्मेटमधल्या संवेदकांच्या मोजमापांवरून काढलेल्या धक्क्यांच्या अंदाजाशी घातला होता. किती वेळा भोवळ आली, किती वेळा डॉक्टरांनी ‘कन्कशन’, म्हणजे धक्क्याने मेंदूचं काम तात्पुरतं बिघडल्याची नोंद केली, यावरून आजाराचा अंदाज नीट लागला नाही. तो लागला कारकिर्दीभर डोक्याने सोसलेल्या एकूण बळावरून. म्हणजे खेळाडू स्ट्रेचरवरून गेला ती एक धडक नव्हे, तर उठून, कपडे झटकून पुन्हा ओणवं होण्याआधीच्या त्या हजारो.

लीगने नंतर भरपाई दिली, नियम बदलले, सरावातल्या धडकांवर मर्यादा आणल्या. २०२४पासून हेल्मेटवर मऊ गादीचं टोपडं घालून सामना खेळायलाही परवानगी आहे. सेंटर अजूनही ओणवाच उभा राहतो आणि चेंडू मागे देता देता समोरच्याला भिडतो.