इन्स्टॉल केलेला गेम एसएसडीवर हलवणं

कॉम्प्युटरवर आधीच टाकलेला गेम पुन्हा डाउनलोड न करता हार्ड डिस्कवरून एसएसडीवर, म्हणजे फिरणारे भाग नसलेल्या जास्त वेगवान डिस्कवर नेणं, याला पीसीवर खेळणारी पोरं साधं 'गेम मूव्ह करणं' म्हणतात. आपल्याकडे ही गरज बहुतेक वेळा एकाच प्रकारच्या मशीनवर पडते, 256 जीबीची एसएसडी आणि सोबत 1 टीबीची हार्ड डिस्क, विंडोज सी ड्राइव्हला आणि गेम सगळे डी ड्राइव्हला, कारण सी भरली की मशीन हँग व्हायला लागतं. मग कधीतरी पैसे साठवून दुसरी एसएसडी बसवली जाते आणि पहिला प्रश्न येतो की 100 जीबीचा गेम परत उतरवायचा का? अजिबात नाही. 40 एमबीपीएसच्या (सेकंदाला 40 मेगाबिट, म्हणजे 5 एमबी) लाईनवर 100 जीबीला साडेपाच तास जातात, आणि डिस्क सेकंदाला 150 एमबी देत असेल तर तेवढंच कॉपी व्हायला 11-12 मिनिटं. हजारो बारीक फायली असल्या तर वेळ वाढतो, पण तरी जेवून येईपर्यंत काम झालेलं असतं.

हार्ड डिस्क मागे का पडते ते आधी बघू. आत तबकडी फिरत असते, 7200 आरपीएमची, म्हणजे मिनिटाला 7200 फेऱ्यांची असेल तर एका फेरीला 8.3 मिलिसेकंद, हवा तो डेटा हेडखाली यायला सरासरी अर्धी फेरी थांबायचं आणि त्याआधी हेड त्या जागी सरकायला हवं, म्हणजे विखुरलेला डेटा वाचायचा तर सेकंदाला जेमतेम शंभरेक वेळा वाचता येतो. गेमचं वाचन नेमकं असंच विखुरलेलं असतं, इथून भिंतीचं टेक्श्चर, तिथून पावलांचा आवाज. एसएसडीत फिरणारं काहीच नाही, त्यामुळे ही सगळी थांबाथांबच नसते. नुसत्या सलग वाचनाचा स्पीड बघितला तर साटा या जुन्या जोडणीची एसएसडी सेकंदाला साधारण 550 एमबी देते, पीसीआयई या वेगवान जोडणीवर चालणारी एसएसडी म्हणजे एनव्हीएमई, त्यातली पीसीआयई 3 ची 3500 च्या आसपास आणि पीसीआयई 4 ची 7000 पर्यंत जाते.

हार्ड डिस्कचा हा हिंडण्याचा वेळ वाचवायला गेम बनवणारे एकच डेटा अनेक ठिकाणी पुन्हा पुन्हा ठेवायचे. मार्च 2020 मध्ये सोनीच्या मार्क सर्नी यांनी पीएस5 हा गेमिंग कन्सोल समजावून सांगताना स्पायडर-मॅन गेमचं उदाहरण दिलं होतं, रस्त्यावरच्या टपालपेटीसारख्या वस्तूंचा काही डेटा डिस्कवर 400 वेळा होता. हेलडायव्हर्स 2 या गेमचा पीसीवरचा आकार 2025 च्या शेवटी साधारण 154 जीबीवरून 23 जीबीवर आला, तोही फक्त असा दुबार डेटा काढून. म्हणजे हार्ड डिस्कची किंमत एसएसडीवाल्यांनी पण जागेच्या रूपात मोजलीच.

हलवल्यावर नेमकं काय सुधारतं याबद्दल बऱ्याच जणांचा घोळ होतो. लोडिंग कमी होतं, ओपन वर्ल्ड गेममध्ये गाडी जोरात पळवताना जो झटका बसतो किंवा समोरची बिल्डिंग उशिरा उगवते ते थांबतं. एफपीएस, म्हणजे सेकंदाला किती चित्रं दिसतात तो आकडा, वाढत नाही, तो ग्राफिक्स कार्डाचा आणि प्रोसेसरचा विषय. हार्ड डिस्कवरून साटा एसएसडीवर आलात तर फरक डोळ्याला दिसतो, पण साटावरून एनव्हीएमईवर गेलात तर बहुतेक गेममध्ये काही सेकंदच, कारण डेटा आला तरी तो दाबून लहान केलेला असतो आणि उलगडायचं काम प्रोसेसरला करावं लागतं. आणि प्रत्येक वेळी दोष डिस्कचा नसतोच. जीटीए ऑनलाईन कित्येक वर्षं मिनिटामिनिटांचं लोडिंग घ्यायचा, 2021 मध्ये एका प्रोग्रामरने आत शिरून बघितलं तर सुमारे 10 एमबीची एक यादी गेम इतक्या वाईट पद्धतीने वाचत होता की बहुतेक वेळ तिथेच जात होता, त्याने ते दुरुस्त केल्यावर लोडिंग जवळजवळ 70 टक्क्यांनी कमी झालं आणि नंतर गेम बनवणाऱ्या रॉकस्टारने तसा अपडेट दिला.

आता मुख्य गोष्ट. गेम म्हणजे नुसतं फोल्डर नाही, फोल्डर आणि त्याची नोंद अशी जोडी असते. स्टीम हा लाँचर, म्हणजे गेम विकत घेऊन उतरवायचं आणि चालवायचं अॅप. स्टीमच्या लायब्ररीत स्टीमअॅप्स नावाचं फोल्डर, त्याच्या आत कॉमन, आणि कॉमनमध्ये गेमच्या फायली. पण कॉमनच्या बाहेर, स्टीमअॅप्समध्येच, प्रत्येक गेमची एक छोटी एसीएफ फाईल असते, तिच्या नावात गेमचा नंबर, काउंटर-स्ट्राइकचा 730. गेम कुठल्या फोल्डरमध्ये आहे, किती मोठा आहे हे स्टीम त्या फाईलमधून वाचतं. फोल्डर उचललं आणि ही नोंद मागे राहिली की गेम समोर असूनही इन्स्टॉलचं बटण दिसतं आणि माणूस घाबरतो.

स्टीमवर 2017 पासून हे हाताने करावंच लागत नाही. सेटिंग्जमधल्या स्टोरेजमध्ये नवीन ड्राइव्ह जोडायची, मग गेमवर राईट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, आणि तिथे मूव्हचं बटण. फायली आणि नोंद दोन्ही सोबत जातात. शेवटी फाइल्स व्हेरिफाय करून घेतलेलं बरं.

तरी हाताने करणारे खूप आहेत. माझ्या आतेभावाने काउंटर-स्ट्राइक 2 चं फोल्डर कट-पेस्ट केलं आणि मध्येच लाईट गेली. एका ड्राइव्हवरून दुसऱ्या ड्राइव्हवर कट-पेस्ट करताना विंडोज एकेक फाईल कॉपी करत जुनी पुसत जातं, त्यामुळे अर्धा गेम डीवर आणि अर्धा नव्या एसएसडीवर. उरलेल्या फायली त्याने नंतर आणून टाकल्या, पण एसएसडीवर फोल्डरला नाव दिलं होतं 'काउंटर-स्ट्राइक 2', आणि इन्स्टॉल दाबल्यावर स्टीम सगळा गेम पहिल्यापासून उतरवायला लागलं. मी त्याला फोनवर सांगितलं की डाउनलोड थांबव आणि फोल्डरचं नाव बघ, कारण 2023 मध्ये गेम बदलला तरी फोल्डरचं नाव अजून जुनंच आहे, 'काउंटर-स्ट्राइक ग्लोबल ऑफेन्सिव्ह'. ते नाव दिल्यावर पुन्हा इन्स्टॉल दाबलं, तीच ड्राइव्ह निवडली, स्टीमने आधी असलेल्या फायली शोधल्या आणि फक्त तुटक्या-राहिलेल्या तेवढ्या उतरवल्या. म्हणून कट कधीच नाही, नेहमी कॉपी, आणि नव्या जागेवरून गेम एकदा चालवून बघितल्यावरच जुना डिलीट.

बाकी लाँचरची तऱ्हा वेगवेगळी. एपिकवर जुना चालणारा मार्ग असा की फोल्डरची कॉपी बाजूला ठेवायची, गेम अनइन्स्टॉल करायचा, नव्या जागी इन्स्टॉल चालू करून एक-दोन टक्क्यांवर थांबवायचं, कॉपी तिथे ओतायची आणि पुढे चालू करायचं, मग लाँचर गेम उतरवण्याऐवजी तपासत जातो. जीओजीचे गेम डीआरएमशिवाय, म्हणजे कॉपी रोखणाऱ्या कुलपाशिवाय येतात त्यामुळे ते सगळ्यात सोपे, फोल्डर हलवून गॅलेक्सी या जीओजीच्या लाँचरला नवी जागा दाखवली की झालं. एक्सबॉक्स अॅपच्या गेमना मात्र हात लावू नये, त्यांच्या फोल्डरवर विंडोजच्या परवानग्या असतात, तिथे अॅपमधूनच ड्राइव्ह बदलायची.

लाँचर कुठलाच ऐकत नसेल तर जंक्शन आहे, विंडोज 2000 पासून एनटीएफएसमध्ये (ड्राइव्हवर फायली मांडायची विंडोजची पद्धत) असलेली सोय. गेम नव्या ड्राइव्हवर नेऊन जुन्या जागी एमकेलिंक कमांडने, स्लॅश जे लावून, एक दुवा बनवायचा, गेमला वाटतं आपण जुन्याच घरी आहोत. यासाठी जुनी जागा एनटीएफएस ड्राइव्हवर हवी. पेनड्राइव्ह किंवा जुनी पोर्टेबल डिस्क मधला टप्पा म्हणून वापरणार असाल तर ती एफएटी32 या जुन्या पद्धतीची नाही ना हे पण बघा, त्यात 4 जीबीची फाईल मावत नाही आणि गेमच्या एकेक फायली त्याहून मोठ्या असतात.

सेव्ह बहुतेक वेळा गेमच्या फोल्डरमध्ये नसतात, डॉक्युमेंट्स किंवा अॅपडेटामध्ये असतात, त्यामुळे गेम हलवला तरी प्रोग्रेस जागेवरच राहतो. पण काही जुने गेम सेव्ह स्वतःच्याच फोल्डरात ठेवतात, म्हणून डिलीट करायच्या आधी तिथे एक नजर टाकायची.