एस्कॉर्ट कार्ड दारात, प्लेस कार्ड ताटापाशी

अमेरिकेत मुलांची लग्नं ठरली की हॉल, फोटोग्राफर, मेंदीवाली इथपर्यंत सगळं सुरळीत चालतं. मग केटरर विचारतो, "प्लेस कार्डं कोण आणणार?" आणि घरातलं कोणीतरी छातीठोकपणे सांगतं, "कार्डं कधीच छापून आली!" आलेली असतात ती एस्कॉर्ट कार्डं. केटरर विचारत असतो ते वेगळंच. दोन्ही छोटी, दोन्हींवर पाहुण्याचं नाव, आणि ऑनलाइन विकणारेही खुशाल एकाच नावाखाली दोन्ही विकतात. म्हणून हा घोळ दर उन्हाळ्यात नव्याने होतो.

पंगत आणि बुफे तुम्हाला समजवायला नकोत. पंगतीत वाढपी समोर येऊन विचारतो, बुफेत आपण हवं ते घेतो. प्लेटेड डिनरमध्ये यातलं काहीच होत नाही. कोणाला काय हवं हे पाहुण्याने आमंत्रणाला उत्तर देतानाच कळवलेलं असतं. वेटर भरलेली ताटं घेऊनच बाहेर येतो, आणि कुठलं ताट कोणापुढे ठेवायचं हे त्याला न विचारता कळावं लागतं. सगळा प्रश्न इथे आहे.

एस्कॉर्ट कार्ड हॉलच्या दाराशी मांडलेलं असतं आणि ते फक्त टेबल सांगतं. प्लेस कार्ड टेबलावर, खुर्चीसमोर असतं आणि ते जागा सांगतं. रेल्वेच्या भाषेत बोलायचं तर एक डबा सांगतं, दुसरं बर्थ. एस्कॉर्ट कार्ड जोडप्याला किंवा कुटुंबाला मिळून एक चालतं, प्लेस कार्ड माणशी एक. एस्कॉर्ट कार्डांऐवजी नावांचा एक मोठा फलक लावला तरी भागतं, आणि माझं मत विचाराल तर फलकच लावा. फक्त नावं आडनावाच्या अक्षरक्रमाने लावा, टेबलांच्या क्रमाने नव्हे. आपलं टेबल कुठलं हे माहीत नाही म्हणूनच माणूस फलकापाशी आलेला असतो; त्याला वीस टेबलांच्या याद्या वाचायला लावू नका. आणि कुलकर्णी, जोशी, पाटील डझनावारी असणार, तेव्हा पहिलं नाव पूर्ण छापा. नुसतं "ए. कुलकर्णी" पाहून तिघं एकाच टेबलाकडे निघतात.

इतपत बहुतेकांना कळतं. लोक अडकतात ते पुढच्या गोष्टीत: जेवणाची खूण कुठल्या कार्डावर? कोंबडी, मासा, शाकाहारासाठी झाडाचं पान अशी गोड चित्रं हौसेने एस्कॉर्ट कार्डावर छापली जातात. ते कार्ड पाहुणा दारात उचलतो, टेबल नंबर वाचतो, आणि त्याचं काम संपतं. मग ते पर्समध्ये जातं, कोटाच्या खिशात जातं, नाहीतर कॉकटेलच्या उंच टेबलावर रिकाम्या ग्लासाखाली राहतं. कुटुंबाला मिळून एक असेल तर आणखी मजा: "देशपांडे परिवार, टेबल ७", खाली दोन पानं, एक कोंबडी, एक मासा. यातला मासा कोणाचा हे वेटरने चेहऱ्यावरून ओळखायचं का?

मग टेबलापाशी लिलाव सुरू होतो. "फिश? चिकन?" ज्याने दोन महिन्यांपूर्वी चिकन लिहिलं होतं त्याला आता समोरचा मासा आवडतो, तो हात वर करतो. ज्याने खरंच मासा मागितला होता त्याच्यासाठी उरतं चिकन, आणि या सगळ्यात मुकाट बसून राहतात त्या शाकाहारी काकू, ज्यांचं ताट पलीकडच्या टेबलावर गेलेलं असतं. यात आचाऱ्याची चूक नसते. त्याला मिळालेला एकूण आकडा बरोबरच असतो. पण आकडा स्वयंपाकघराला पुरतो, वेटरला माणूस लागतो.

म्हणून खूण प्लेस कार्डावरच हवी. ते वेटरने वाचायचं असतं. पाहुण्याला आपलं नाव ठाऊक असतं. वेटर उभा असतो, खुर्चीच्या मागून येतो, दिवे मंद असतात. तेव्हा खूण मोठी, गडद, आणि रंगाबरोबर आकारानेही वेगळी असावी. मोतिया कागदावर सोनेरी अक्षरं छापणाऱ्यांना माझा हात जोडून नमस्कार. ती फोटोत छान दिसतात आणि जेवताना कोणालाच वाचता येत नाहीत. कार्डामागे बारीक टेबल नंबर लिहा आणि टेबलवार गठ्ठे बांधून द्या, म्हणजे मांडणाऱ्याचे हाल होत नाहीत. साठ इंची गोल टेबलाला आठ ते दहा माणसं, बहात्तर इंचीला दहा ते बारा.

आपल्या मंडळींची खास सवय म्हणजे जागा बदलणं. मावशीला बहिणीशेजारीच बसायचं असतं. बसू दे, पण कार्ड घेऊन हलायला सांगा. नुसती खुर्ची बदलली तर जेवण जुन्याच जागी येतं.

खुणेआधी उत्तर तरी बरोबर घ्या. तिथली बरीच लग्नं शनिवारी असतात, आणि आपल्याकडे शनिवार पाळणारे कमी नाहीत. घरातल्या सहा जणांचं उत्तर मे महिन्यात मुलगा फोनवरून भरून टाकतो, सगळ्यांना चिकन, ऑगस्टमध्ये बाबा म्हणतात, "अरे, आज शनिवार, त्यात श्रावण." म्हणून जेवणाच्या प्रश्नाशेजारी तारीख आणि वार ठळक लिहा. तिथल्या "व्हेजिटेरियन"मध्ये अंडं बसतं, तेव्हा तेही स्पष्ट विचारा. अंडं टाळायला "वेगन" निवडलंत तर पनीर आणि दहीही गेलं.

ॲलर्जी मात्र चित्रावर सोडू नका. ती नाव, टेबल आणि नेमका पदार्थ लिहून केटररला वेगळ्या कागदावर द्या. नुसतं "नट्स" पुरत नाही: अमेरिकेच्या कायद्यात शेंगदाणा आणि काजू-बदाम हे वेगवेगळे गट आहेत, आणि २०२३ पासून तीळही त्या यादीत आहे.

बुफे असेल तर प्लेस कार्डं आणि खुणा यातलं काहीही करू नका. टेबल नेमून द्या, फलक लावा, बास. बुफेला प्लेस कार्डं छापणं म्हणजे पैशाला पाय फुटणं. सगळ्यांना एकच ताट असेल तरी खुणेची गरज नाही. दोन किंवा जास्त पर्याय आणि प्लेटेड डिनर, एवढ्याच वेळी प्लेस कार्डाला पर्याय नाही.

आणि हो, सगळ्या खुणांची दहा-बारा कोरी कार्डं आणि एक जाड काळा मार्कर केटररच्या कॅप्टनकडे, म्हणजे वेटरांच्या मुख्याकडे, देऊन ठेवा. न कळवता येणारा एखादा आत्येभाऊ असतोच. जादा ताटं किती आणि कुठली करणार, हे करार करतानाच विचारून घ्या. ती शाकाहारीच करायला सांगा, कोणापुढेही ठेवता येतात.