गू लुंग (पटकथाकार)

गू लुंग (१९३८–१९८५) हे तैवानचे वुशिया, म्हणजे तलवारबाज वीरांच्या कथांचे, कादंबरीकार व पटकथाकार. मूळ नाव श्युंग याओहुआ. जन्म हाँगकाँगचा, लेखक म्हणून घडले ते तैवानात. पहिली वुशिया कादंबरी १९६० ची.

दिग्दर्शक किंग हू यांच्या ‘ड्रॅगन इन’ या चित्रपटाने (१९६७) तैवानात तलवारपटांची लाट आणली आणि निर्मात्यांना पटकथा हव्या झाल्या. एरवी कादंबरी आधी, पटकथा मागून. ‘श्याओ शी-यी लांग’च्या वेळी (१९७० च्या सुमारास) गू लुंग यांनी क्रम उलटवला: आधी पटकथा, मग कादंबरी. कादंबरीत मनातला विचार थेट सांगता येतो. पटकथेच्या हाती बोलणे, हालचाल आणि दृश्य एवढेच. त्यामुळे पाल्हाळ आपोआप गळते, आणि या कादंबरीचा घट्टपणा तिथूनच आला.

अडचण द्वंद्वाची. त्यांच्या कादंबऱ्यांत झुंज एका वाराची असते. त्यांचा एक नायक ली श्युनहुआन याची फेकसुरी (फेकून मारायची सुरी) कधी चुकत नाही, पण ती हातातून सुटते कशी हे कोणालाच दिसत नाही. पडद्यावर मात्र प्रेक्षकाला दोन-चार मिनिटांची मारामारी लागते. ती बसवतो मारामारी-दिग्दर्शक. लेखकाने त्याआधी जागा, हत्यार, पळायची वाट आणि कोण मरणार हे पक्के करायचे असते. ते राहिले की कुठलीही झुंज उचलून कुठल्याही चित्रपटात घातली तरी चालते, आणि तिथेच कथा मरते.

दुसरा धोका रहस्याचा. त्यांच्या कथा गुप्तहेरकथेच्या वळणाच्या: मित्रच सूत्रधार निघतो, मेलेला परत येतो. वाचक चार पाने मागे जाऊन पडताळतो. थिएटरात ती सोय नाही. म्हणून जखम, मुखवटा, एखादी वस्तू असा धागा सुरुवातीलाच डोळ्यांना दिसावा लागतो. नाहीतर शेवटी पात्रांना उभे राहून सगळा उलगडा बोलून दाखवावा लागतो. लो वेई दिग्दर्शित ‘टू किल विथ इंट्रीग’ची (१९७७) पटकथा गू लुंग यांचीच; गुंतागुंतीच्या त्या कथानकात नायक जॅकी चॅनच्या अंगच्या विनोदाला जागाच उरली नाही.

हाँगकाँगमध्ये दिग्दर्शक चोर युएन यांनी १९७६ पासून त्यांच्या कादंबऱ्यांवर चित्रपटांची रांग लावली. त्यातल्या ‘किलर क्लॅन्स’ची पटकथा नी कुआंग या दुसऱ्या लेखकाची होती. तरी गू लुंग यांची तोकडी, एकेका ओळीची वाक्ये संवादांत टिकली. तेव्हाच्या मँडरिन (चिनी भाषेतल्या) चित्रपटांत आवाज चित्रीकरणानंतर भरत. अशा डबिंगला लहान वाक्य ओठांवर बसवणे सोपे जाई.