शर्कत, बसरा आणि हुतात्मा चौक

सीमाभागात स्मारक म्हटले की आज बेळगावचा हुतात्मा चौक किंवा शेजारच्या हिंडलग्याचे हुतात्मा स्मारक आठवते. देवळांबाहेरचे वीरगळ कितीतरी जुने, पण तेल-शेंदूर लागून त्यांना केव्हाच देवपण आले. तो वीर कोण होता, हे आता कुणी विचारत नाही.

लष्करी स्मारकांचे तसे झाले नाही, तरी ती मागे पडली. १९२२ च्या फेररचनेत ११४वी मराठा पलटण प्रशिक्षण पलटण ठरली आणि बेळगाव मराठ्यांचे ठाणे झाले. याच पलटणीने ऑक्टोबर १९१८ मध्ये मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकात, शर्कतला झुंज दिली होती. बेळगावच्या मराठा पलटणींच्या केंद्रातल्या युद्धस्मारकाला तेच नाव आहे.

त्या मोहिमेतला मोठा घाव मात्र कूतचा. तिथे तुर्कांच्या १४७ दिवसांच्या वेढ्यानंतर २९ एप्रिल १९१६ ला शरणागती झाली, तेव्हा १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी आत होत्या. पुढे वाळवंटातल्या पायपिटीत आणि कैदेत अनेक जण गेले. या मोहिमेतल्या मृतांचे बसऱ्याचे स्मारक १९२९ मध्ये उघडले. त्यावर गोऱ्या शिपायांची नावे आली, हिंदी अधिकाऱ्यांचीही आली. साध्या हिंदी शिपायांचा मात्र पलटणीखाली नुसता आकडा. नोंदी अपुऱ्या होत्या म्हणून हे घडले, असे म्हणणे भाबडेपणाचे ठरेल. दोनच वर्षे आधी फ्रान्समधल्या नव-शापेलच्या स्मारकावर त्याच आयोगाने, म्हणजे युद्धातल्या मृतांची स्मारके उभारणाऱ्या ब्रिटिश साम्राज्याच्या युद्धसमाधी आयोगाने, साध्या हिंदी शिपायांचीही नावे कोरली होती. युरोपात जमले ते इराकात नको वाटले. वारसांना ब्राँझची गोल चकती मिळे, तिच्यावर नाव असे. म्हणजे घरात नाव, दगडावर आकडा. १९९७ मध्ये बसऱ्याचे ते स्मारकच उचलून नासिरियाच्या रस्त्यावर वाळवंटात नेले गेले.

१९५६ नंतर इथल्या स्मृतीचा रोखच बदलला. १६ जानेवारीला मुंबई केंद्रशासित करण्याची घोषणा झाली, दुसऱ्या दिवशी बेळगावात संयुक्त महाराष्ट्राच्या आंदोलकांवर गोळीबार झाला. १९८६ च्या कन्नड सक्तीविरोधी आंदोलनात पुन्हा बळी गेले. या हुतात्म्यांची नावे लोकांना पाठ आहेत. १७ जानेवारीला आणि १ जूनला त्यांना अभिवादन होते. छावणीच्या आतल्या स्मारकाशी सामान्य माणसाचा असा संबंध नाही, मग घरातले दोघे-तिघे पलटणीत असोत.

आयोगाने २०२१ मध्ये या भेदभावाची जाहीर माफी मागितली. त्याच्या नोंदींत अनेक शिपायांच्या नावापुढे बापाचे नाव, गाव आणि तालुका आहे. इंग्रजी कारकुनाने नावाची मोडतोड केली असली, तरी गावावरून माणूस सापडू शकतो.