रन्वार, क्लोद

(४ डिसेंबर १९१३ – ५ सप्टेंबर १९९३). फ्रेंच छायालेखक. जन्म पॅरिसमध्ये. चित्रकार ओग्यूस्त रन्वार यांचे नातू, अभिनेते प्येअर रन्वार यांचे पुत्र आणि दिग्दर्शक ज्याँ रन्वार यांचे पुतणे. क्लोद नावाचे एक काकाही होते. तेही काही काळ चित्रपटव्यवसायात असल्याने दोघांच्या नावांची गल्लत होते.

छायालेखक बोरिस काउफमन यांच्या हाताखाली उमेदवारी केल्यावर काका ज्याँ यांच्या ‘तोनी’ (१९३५) या चित्रपटाचे छायालेखन त्यांनी केले. दक्षिण फ्रान्समधील मार्तीग परिसरात, स्टुडिओबाहेर तो चित्रित झाला. पुढच्याच वर्षी ज्याँ यांच्याच ‘पार्ती द कांपान्य’च्या नदीकाठच्या चित्रणात पावसाने ठाण मांडले. चित्रपट अपुरा राहिला आणि १९४६ मध्ये प्रदर्शित झाला, पण त्यातली पावसाची दृश्येच आज विशेष वाखाणली जातात. ‘ला ग्रांद इल्यूझियाँ’मध्ये (१९३७) मुख्य छायालेखक क्रिस्तियाँ मात्रास होते, क्लोद कॅमेरा चालवत.

भारताशी त्यांचा संबंध आला तो ज्याँ यांच्या ‘द रिव्हर’मुळे (१९५१). बंगालमध्ये हुगळीच्या काठी चित्रित झालेल्या या टेक्निकलर चित्रपटाची फिल्म धुण्यासाठी इंग्लंडला जाई, त्यामुळे आज घेतलेले दृश्य कसे उतरले हे लगेच कळायची सोय नव्हती. रंग तर काळ्या-पांढऱ्या फिल्मपेक्षा कितीतरी जास्त प्रकाश मागत. कॅमेरा चालवायला रामानंद सेनगुप्त होते. सेटवर काम न मिळालेला सुब्रत मित्र नावाचा तरुण नुसता बघायला येई आणि दिवे, कॅमेरा, नट यांच्या जागांची रेखाटने वहीत उतरवून घेई. पुढे हेच मित्र सत्यजित राय यांचे छायालेखक झाले. ‘अपराजितो’मध्ये (१९५६) कलकत्त्याच्या स्टुडिओत बनारसच्या वाड्याचे अंगण उभे करताना त्यांनी दिव्यांचा झोत पांढऱ्या कापडावर टाकून परावर्तित उजेड वापरला. ती युक्ती सुब्रत मित्र यांची स्वतःची. क्लोद यांच्याकडून त्यांनी उचलली ती नैसर्गिक उजेडाची ओढ.

‘ल मिस्तेर पिकासो’ (१९५६) हे त्यांचे सर्वांत अवघड काम म्हणावे लागेल. शाई आरपार झिरपेल अशा कागदावर पिकासो चित्र काढत आणि कॅमेरा मागच्या बाजूने ते टिपत असे. चित्रकाराचा हात दिसत नाही, रेषा मात्र आपोआप उमटत जाते. चित्रपटात क्लोद स्वतःही दिसतात. दिग्दर्शक होते आंरी-जॉर्ज क्लूझो.

त्यांची चौकट पाहून ‘हे क्लोद रन्वार’ असे सांगता येत नाही. जाणकारांत मान असूनही त्यांचे नाव सर्वसामान्यांपर्यंत पोचले नाही, त्याचे हेही एक कारण असावे. संत व्हँसां द पोल यांच्यावरचा काळा-पांढरा ‘मस्य व्हँसां’ (१९४७) आणि रॉजे व्हादीम यांचा भडक रंगांचा ‘बार्बारेला’ (१९६८) एकाच माणसाने चित्रित केले, हे सांगितल्याशिवाय लक्षात येत नाही. मार्सेमध्ये घडणारा ‘फ्रेंच कनेक्शन २’ (१९७५) आणखी तिसऱ्याच जातीचा.

‘द स्पाय हू लव्ह्ड मी’ (१९७७) या बाँडपटापर्यंत त्यांची दृष्टी अधू झाली होती. पाइनवुड स्टुडिओत उभारलेल्या तेलवाहू जहाजाच्या अवाढव्य सेटची प्रकाशयोजना ठरवण्यासाठी कलादिग्दर्शक केन अ‍ॅडम यांनी दिग्दर्शक स्टॅन्ली क्यूब्रिक यांना गुपचूप बोलावून सल्ला घेतला. ही हकिगत अ‍ॅडम यांनीच पुढे सांगितली. क्लोद फ्रान्समधील त्र्वा येथे निवर्तले. त्यांची कन्या सोफी रन्वार यांनी दिग्दर्शक एरिक रोमेर यांच्या चित्रपटांत भूमिका केल्या आहेत.