धुऱ्याचा वाद आणि जमिनीची मालकी : शेतकरी ग्राहकांसाठी माहितीपत्रक

धुऱ्याच्या (दोन वावरांमधील बांधाच्या) वादासाठी आमच्या कार्यालयात येणारे बहुतेक ग्राहक ताजा सातबारा घेऊन येतात आणि त्यावर आपले नाव व क्षेत्र असल्यामुळे शेजाऱ्याला वावर सोडावेच लागेल, असे धरून चालतात. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे हक्कनोंदणीतील नोंद विरुद्ध पुरावा येईपर्यंत खरी मानली जाते. परंतु केवळ फेरफाराने (महसूल नोंदीतील बदलाने) मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेक निकालांत स्पष्ट केले आहे. शिवाय वावर नेमके कुठे संपते, हे सातबाऱ्यावर लिहिलेलेच नसते.

मालकी सिद्ध होते ती नोंदणीकृत खरेदीखत, वाटणीपत्र, मृत्युपत्र किंवा न्यायालयाचा हुकूमनामा यांतून, आणि या कागदांची साखळी जितकी मागे जाईल तितकी बाजू भक्कम होते. नागपूर, वर्धा, भंडारा, चंद्रपूर या भागांत १९५१ साली मालगुजारी (मालगुजारांमार्फत शेतसारा वसूल करण्याची पद्धत) संपल्यानंतर तयार झालेला १९५४-५५ चा अधिकार अभिलेख अवश्य काढावा. वऱ्हाडात रयतवारी (शेतकरी थेट सरकारला सारा भरत) असल्याने तिथले जुने कागद वेगळे असतात आणि त्यांचा शोध तहसीलच्या अभिलेख कक्षात घ्यावा लागतो.

खरेदीखतातील चतुःसीमेकडे ग्राहक सहसा दुर्लक्ष करतात, आणि आमच्या मते वाद तिथेच अडतो. ‘पूर्वेस नाला, पश्चिमेस अमुक यांचे वावर’ असे लिहिलेले असते, पण तो अमुक आजच्या शेजाऱ्याचा आजा असतो किंवा त्याने ते वावर कधीच विकलेले असते. अशा वेळी आपल्या कागदांबरोबर शेजारच्या गटाचे जुने फेरफारही पाहावे लागतात. काम किचकट आहे, पण ते टाळून पुढे जाता येत नाही.

हद्द ठरते ती भूमि अभिलेख खात्याच्या हद्द कायम मोजणीने. उपअधीक्षक कार्यालयात अर्ज केल्यावर लगतच्या खातेदारांना नोटीस जाते, भूकरमापक मूळ नकाशा व टिपण (जुन्या मोजणीची मापे असलेला कागद) यांच्या आधारे खुणा दाखवतो आणि नंतर ‘क’ प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, मिळते. नोटीस आली की स्वतः हजर राहावे आणि हरकत असल्यास तिथल्या तिथे लेखी द्यावी. मोजणी मान्य नसेल, तर निमताना मोजणी, म्हणजे वरिष्ठ अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, मागता येते. आम्ही करतो ती खासगी मोजणी अंदाज घेण्यासाठी उपयोगी आहे, पण सरकारी मोजणीची जागा ती घेऊ शकत नाही, हे पैसे भरण्यापूर्वीच सांगितलेले बरे.

समजा, सातबाऱ्यावर १.६२ हेक्टर आहे आणि जागेवर १.५७ भरले. म्हणून उरलेले पाच आर शेजाऱ्याने दाबले, असा निष्कर्ष काढता येत नाही. नाल्याचा काठ खचलेला असू शकतो, दुसऱ्या बाजूचा धुरा सरकलेला असू शकतो किंवा जुन्या नोंदीतच चूक असू शकते. मात्र वखराच्या एकेका पाळीने दरवर्षी वीतभर धुरा खाल्ला जातो, हेही आपण सर्वजण जाणतो. त्यामुळे हद्दीचे दगड, धुऱ्यावरची जुनी झाडे आणि तारकुंपण यांची छायाचित्रे आजच काढून ठेवावीत.

मालकीचा निवाडा तहसीलदार करीत नाहीत; तो दिवाणी न्यायालयाचा अधिकार आहे. मालकी घोषित करण्याबरोबरच ताबाही मागावा लागतो आणि गरज पडल्यास न्यायालय मोजणीसाठी कमिशनर नेमते. शेजाऱ्याचा ताबा उघड आणि आपल्या हक्काला विरोध करणारा असेल, तर तो तसा झाल्यापासून १२ वर्षांच्या आत दावा दाखल व्हायला हवा. ‘आपसात मिटेल’ म्हणत ही मुदत घालवू नये.

आमच्याकडे येताना सातबारा, आठ-अ (खातेदाराच्या एकूण जमिनीचा उतारा), खरेदीखत, हाती असलेले सर्व फेरफार आणि गटनकाशा यांच्या झेरॉक्स प्रती आणाव्यात. मूळ कागद घरीच ठेवावेत आणि ते आमच्यासह कोणाच्याही ताब्यात देऊ नयेत.